कूत-अल-अमाराचे कैदी : जगण्याचा रोजचा हिशेब

वरळीच्या बीडीडी चाळीतली आमची खोली पुनर्विकासासाठी रिकामी करायची वेळ आली, तेव्हा पोटमाळ्यावरून एक पत्र्याची ट्रंक खाली उतरवली. १६० चौरस फुटांच्या खोलीत तीन पिढ्या राहिल्या म्हणजे पोटमाळ्यावर काय काय साठते हे चाळकऱ्यांना सांगायला नको. ट्रंकेत जुनी रेशनकार्डे होती, गिरणीच्या पगाराच्या चिठ्ठ्या होत्या आणि धोतराच्या फडक्यात गुंडाळलेले, रुपयाहून मोठे चांदीचे एक चकतीवजा काहीतरी होते. एका बाजूला पाचव्या जॉर्जचे मुंडके, दुसऱ्या बाजूला घोड्यावर बसलेला उघडा पुरुष. आई ते जन्मभर ‘राजाचे नाणे’ समजत होती. ते नाणे नव्हते. पहिल्या महायुद्धात नोकरी केलेल्यांना मिळालेले ते ‘ब्रिटिश वॉर मेडल’ होते, फीत हरवलेले.

या पदकाच्या कडेवर बारीक इंग्रजी अक्षरांत शिपायाचा क्रमांक, हुद्दा, नाव आणि पलटण ठोकलेली असते. भिंग लावून पाहिले. नाव माझ्या पणजोबांचे, हुद्दा शिपाई, पलटण ११० मराठा. पदकाची धातूही बोलते. लढणाऱ्यांना ते चांदीचे मिळाले. खेचरे हाकणारे, पाणके, स्वयंपाकी, मजूर यांच्या वाट्याला तेच पदक ब्राँझचे आले.

वडील आज पंच्याऐंशीच्या घरात आहेत. त्यांचा हा आजा, म्हणजे माझा पणजोबा, १९६२च्या सुमारास वारला. लढाईविषयी तो काही बोलल्याचे वडिलांना आठवत नाही. आठवतात त्या त्याच्या तीन खोडी. एक, तो टोस्ट कोरडा कधी खात नसे. चहात घालून त्याची पार लापशी होईपर्यंत थांबे, आणि कुणी पोर कोरडाच टोस्ट कुरतडताना दिसले की हातातून हिसकावून घेई. दोन, गॅलरीत झोपताना वहाणा उशाखाली घेऊन झोपे. चाळीत वहाणा चोरीला जातात हे खरे, पण गावी स्वतःच्या घरातही तो तसेच करी. तीन, नळावर पोरे रेंगाळली की ‘हैदी, हैदी!’ असे ओरडे. वडिलांना वाटे, हा आमच्या रत्नागिरीकडचा एखादा जुना शब्द असेल.

मी इतिहासाचा पदवीधर नाही. एका खाजगी कंपनीत हिशेबनीस म्हणून नोकरी केली आणि उरलेला वेळ दादरच्या मराठी ग्रंथसंग्रहालयापासून फोर्टातल्या एशियाटिकपर्यंत पुस्तके उपसण्यात घालवला. या तीन खोडींचा माग काढता काढता मी ज्या ठिकाणी पोचलो ते इराकमध्ये, तैग्रिस नदीच्या एका वळणावर आहे.

पुण्यात ठाणे असलेली सहावी डिव्हिजन, जिला सरकारी कागदांत ‘पूना डिव्हिजन’ म्हणत, १९१४च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात समुद्रमार्गे इराणच्या आखाताकडे निघाली. मुख्य हेतू तेलाच्या नळांचे रक्षण. तिच्यात तीन मराठा पलटणी होत्या : १०३, ११० आणि ११७. शिवाय खडकीच्या बॉम्बे सॅपर्स अँड मायनर्सच्या तुकड्या होत्या. या पलटणींत कोकणी आणि देशावरचे मराठे होते, आणि दख्खनी मुसलमानांच्या कंपन्याही होत्या. या शेवटच्या गोष्टीला पुढे महत्त्व येणार आहे.

बसरा पडले, मग एकेक गाव घेत सैन्य नदीने वर सरकले. नोव्हेंबर १९१५मध्ये बगदादच्या तोंडाशी, टेसिफोनला, तुर्कांशी गाठ पडली. भरपूर माणसे गमावून मेजर जनरल टाउनशेंड मागे फिरला आणि ३ डिसेंबरला कूत-अल-अमारा या गावात येऊन बसला. ७ डिसेंबरला वेढा पूर्ण झाला. तो १४७ दिवस टिकला. सोडवायला आलेल्या फौजेची सुमारे २३ हजार माणसे मेली किंवा जखमी झाली, तरी वेढा फुटला नाही. २९ एप्रिल १९१६ला शरणागती झाली.

कैदेत माणूस कसा जगला हे समजून घ्यायचे तर तो कैदेत शिरला तेव्हा त्याच्या अंगात काय शिल्लक होते तिथून सुरुवात करावी लागते.

वेढ्यात गोऱ्या शिपायाला पांढऱ्या पिठाचा पाव आणि मांस मिळे. जनावरे संपत आली तशी घोडे आणि खेचरे कापायला घेतली. हिंदी शिपायाला आटा, जवाचे पीठ, थोडे तूप, डाळ. घोड्याचे मांस खायला बहुतेक हिंदी शिपायांनी नकार दिला. कारण धर्माचे होते, पण केवळ धर्माचे नव्हते. गावी परतल्यावर जात वाळीत टाकील, पोरींची लग्ने होणार नाहीत, ही धास्ती अधिकाऱ्यांच्या टिपणांतही नोंदलेली आहे. आपल्या गावगाड्याची ज्याला माहिती आहे त्याला ती धास्ती खोटी वाटणार नाही. शेवटी हिंदुस्थानातल्या धर्मगुरूंकडून तारायंत्राने परवानग्या मागवल्या गेल्या. एप्रिल उजाडल्यावर, माणसे उभी राहीनाशी झाल्यावर, हजारोंनी ते मांस खाल्ले. तोवर उशीर झाला होता.

याचा परिणाम डॉक्टरांनी नोंदवून ठेवला आहे आणि तो आहारशास्त्राच्या पुस्तकात शोभावा असा आहे. गोऱ्यांना बेरीबेरी झाला : पाय सुजणे, बधिर होणे, हृदय थकणे. हिंदी शिपायांना स्कर्व्ही झाला : हिरड्या सुजून रक्त येणे, जुन्या जखमा उकलणे. एकाच गावात, एकाच वेढ्यात, दोन वेगळे रोग. कारण पांढऱ्या पावातून कोंडा गेलेला, त्याबरोबर बी-१ जीवनसत्त्व गेलेले. आणि आट्यात कोंडा होता, पण ताजे मांस नाही, भाजी नाही, म्हणून सी जीवनसत्त्व नाही. ‘व्हायटामिन’ हा शब्द तेव्हा जेमतेम चार वर्षांचा होता आणि सी जीवनसत्त्व वेगळे काढायला अजून बारा-पंधरा वर्षे जायची होती. शिपाई शेतातले गवत आणि रानपाला खुडून उकडून खात. त्यात काही विषारी निघाला, त्याचेही बळी पडले. शेवटच्या दिवसांत आट्याचे प्रमाण दिवसाला चार औंसांवर आले. म्हणजे सव्वाशे ग्रॅमच्या आत, दोन लहान भाकऱ्या. विमानांतून पिठाची पोती टाकण्याचा प्रयत्न झाला. वेढ्यातल्या सैन्याला विमानाने अन्न पुरवण्याचा जगातला हा पहिलाच मोठा प्रयोग मानतात. काही पोती नदीत पडली, काही तुर्कांच्या खंदकात.

शरण आलेल्यांची संख्या सुमारे १३,३०० होती. त्यांत ब्रिटिश शिपाई अडीच हजारांवर, भारतीय शिपाई जवळजवळ सात हजार, आणि सव्वातीन हजार ‘फॉलोअर’. पेशवाईतल्या भाषेत बाजारबुणगे. मला हा शब्द आवडत नाही, पण या माणसांकडे पाहण्याची जी दृष्टी होती ती त्यात नेमकी उतरते, आणि ती पेशव्यांची होती तशीच इंग्रजांचीही. पाणी वाहणारे भिस्ती, डोलीवाले, खेचरवाले, मेहतर, स्वयंपाकी हे सगळे त्यात आले.

शरणागतीनंतर सगळ्यांना नदीच्या वरच्या अंगाला, तेरा-चौदा किलोमीटरवर शुमरान नावाच्या ठिकाणी नेले. तिथे चार-पाच महिन्यांच्या उपाशी माणसांपुढे तुर्की लष्कराची बिस्किटे टाकली गेली. या बिस्किटांचे वर्णन कुतच्या बहुतेक सगळ्या आठवणींत आहे. हाताच्या पंजाएवढी, काळपट, दगडासारखी, जाड्याभरड्या पिठाची, त्यात भुसा आणि कोंडा तसाच. भुकेने वेड्या झालेल्या माणसांनी ती कोरडीच फोडून खाल्ली. आकसलेल्या आतड्यांना ती झेपली नाहीत. उलट्या, जुलाब, पेटके. पाहणाऱ्यांना पटकी आली असे वाटले. लढाई संपल्यावर, वैऱ्याने गोळी न झाडता, पहिल्या आठवड्यातच कित्येक माणसे त्या माळावर मेली. ज्यांनी बिस्किटे कुटून भिजत घातली, उकळून पेज केली, ते त्यातून वाचण्याची शक्यता जास्त होती.

एशियाटिकच्या वाचनालयात हे पहिल्यांदा वाचले तेव्हा मी पुस्तक मिटून बराच वेळ बसून राहिलो. टोस्ट हिसकावून घेणारा म्हातारा मी कधी पाहिलेला नाही. पण त्याचा हात मला दिसला.

एक गोष्ट इथे स्पष्ट केली पाहिजे. तुर्कांनी हे मुद्दाम केले असे म्हणायला आधार नाही. युद्धकैद्यांविषयीचे नियम १८९९ आणि १९०७ साली हेग इथे ठरले होते. त्यांत म्हटले होते की कैद्याला अन्न, निवारा आणि कपडे पकडणाऱ्याच्या स्वतःच्या सैनिकाइतकेच द्यावेत. ऐकायला न्याय्य आहे. पण तुर्की शिपाईच त्या बिस्किटांवर जगत होता, अनवाणी चालत होता आणि रोगाने मरत होता. नियमाप्रमाणे समान वागणूक मिळाली; ती वागणूकच माणूस मारणारी होती. त्याच नियमांत आणखी एक कलम होते : कैद्यांना त्यांच्या हुद्द्याप्रमाणे कामाला लावता येईल, अधिकाऱ्यांना मात्र नाही. म्हणजे अधिकारी बसून राहणार आणि शिपाई खपणार हे कागदावरच ठरलेले होते.

ते शुमरानलाच प्रत्यक्षात आले. अधिकाऱ्यांना वेगळे काढून बोटीने बगदादला नेले. टाउनशेंडला तर इस्तंबूलजवळच्या बेटावर बंगला मिळाला, कैदेत असतानाच ‘सर’ ही पदवी मिळाली, आणि त्याचा स्पॉट नावाचा कुत्रा तुर्कांनी सुखरूप परत बसऱ्याला पोचवला. कुत्र्यावर माझा राग नाही. पण हा तपशील बहुतेक इंग्रजी पुस्तकांत गोड किस्सा म्हणून येतो, आणि त्याच पानावर शिपाई पायी निघालेले असतात.

६ मेच्या सुमारास ते निघाले. आधी बगदादपर्यंत सुमारे १६० किलोमीटर. तिथे त्यांची रस्त्यांतून मिरवणूक काढली. पुढे सामर्रापर्यंत आगगाडी होती, त्यानंतर रूळ नव्हते. सामर्रापासून तिक्रित, मोसुल, निसिबीन करत रास-अल-ऐनपर्यंत, जिथे पश्चिमेकडून येणारा रूळ पुन्हा सुरू होत होता, सहाशे किलोमीटरच्या आसपासची वाट पायांनी तोडायची होती. अंतराचा अंदाज यावा म्हणून सांगतो : वरळीहून महामार्गाने पणजीला चालत जावे इतके. आणि ते जून-जुलैच्या मेसोपोटेमियात, जिथे सावलीत पारा ४५च्या वर जातो आणि सावली मात्र नसते. बरोबर पहारेकरी घोड्यावर, हातात चाबूक. मागे राहिला त्याला फटका; पडला तर बहुधा तिथेच सोडलेला.

या चालीत जगणे म्हणजे काय होते? मी वाचलेल्या आठवणींतून एक गोष्ट सतत वर येते. तिथे मोठ्या शौर्याला फारशी जागाच नव्हती. रोज सकाळी आणि रोज रात्री सोडवायचे दोन-तीन हिशेब होते, आणि ते चुकले की माणूस गेला.

पहिला हिशेब पायांचा. बूट हे त्या रस्त्यावरचे खरे चलन होते. भूक लागली की माणूस बूट विकून खजूर, दही, भाकर घेई. एका बुटाच्या जोडात दोन-तीन दिवसांचे पोट भरे आणि चौथ्या दिवशी तापलेल्या खडकावर तळवे फाटत. जे विकत नसत त्यांचे झोपेत चोरीला जात. पहारेकरीही नेत, वाटेवरचे अरबही, कधी सोबतीही. म्हणून लोक बूट डोक्याखाली घेऊन झोपत. फाटलेल्या पायांना अंगरख्याच्या चिंध्या गुंडाळणे, पोत्याचे तुकडे बांधणे, हे सगळे होते. कोकणातला शेतकरी गडी लहानपणापासून अनवाणी चाललेला. त्याच्या तळव्याला गोऱ्या शिपायाच्या तळव्यापेक्षा जास्त सवय असणार असे मला वाटते. पण हा माझा तर्क आहे, आणि अशा तर्कांचा धोका मी पुढे सांगणार आहे.

दुसरा हिशेब पाण्याचा. नदी सोडून वाट आत वळली की विहिरींवर भिस्त. आदल्या वर्षी याच मुलखात आर्मेनियन लोकांची कत्तल झालेली होती. गावे ओस, काही विहिरींत प्रेते. तहानेने व्याकूळ माणसाला दिसेल ते पाणी न पिणे हे त्या रस्त्यावरचे सर्वांत कठीण काम. ज्यांच्याकडे एखादे डबडे होते ते पाणी उकळू शकत, भिजवू शकत, शिजवू शकत. डबडे हरवणे म्हणजे बूट हरवण्याइतकेच वाईट.

तिसरा हिशेब सोबतीचा. एकटा माणूस लवकर संपे. दोघे-तिघे एकत्र असले तर एक जळण शोधी, एक पाणी आणी, एक सामानाजवळ बसे. ताप भरलेल्याला दोघे मिळून ओढत नेत. इथे गाव, जात, पलटण यांचे नाते कामाला आले असणार. पण तुर्कांनी ते नातेही मध्येच कापले. मुसलमान शिपायांना हिंदूंपासून वेगळे काढले, त्यांना तुलनेने बरे वागवले, खलिफाच्या बाजूला या असे समजावले. मराठा पलटणीत मराठा आणि दख्खनी मुसलमान वर्षानुवर्षे एका ओळीत उभे राहिले होते. सातारा-रत्नागिरीच्या शेजारच्या वाड्यांतले ते लोक. बगदादनंतर एकाची वाट वेगळी आणि दुसऱ्याची वेगळी झाली.

आणि भाषा. ज्याला चार तुर्की किंवा अरबी शब्द आले त्याला सौदा करता येई, विनवता येई, हुकूम मारा बसण्याआधी समजे. कैद्यांच्या इंग्रजी आठवणींत पहारेकऱ्यांची एक आरोळी पानोपानी भेटते : ‘हैदी! यल्ला!’ हैदी म्हणजे तुर्कीत ‘चला, उचला पाय’. वरळीच्या सार्वजनिक नळावर माझ्या वडिलांना तो शब्द कित्येक वर्षांनी मुंबईच्या उन्हात ऐकू येत होता.

रास-अल-ऐनला पोचलेल्यांतले बहुतेक भारतीय तिथेच ठेवले गेले, निसिबीनच्या दिशेने बगदाद रेल्वेचा रूळ पुढे न्यायला. काम जर्मन कंपनीचे, मजूर तुर्कांचे कैदी. माती खणणे, भराव घालणे, खडी फोडणे. तंबूत दाटीने राहणे. थोडी मजुरी मिळे, तीतून अन्न विकत घेता येई, आणि पुष्कळांच्या जिवाला तीच मजुरी आधार झाली. ब्रिटिश शिपायांतले बरेच जण मात्र पुढे तोरोस आणि अमानुस डोंगरांतले बोगदे खणायला नेले. ते काम आणखी जीवघेणे होते.

त्या पहिल्या हिवाळ्यात रास-अल-ऐनला टायफस पसरला. हा उवांनी पसरणारा ताप. उवांचा संबंध १९०९ साली सिद्ध झालेला होता, पण बदलायला दुसरा कपडा नसलेल्या माणसाला ते ज्ञान काय उपयोगाचे? दुपारच्या उन्हात सदरा काढून शिवणींतल्या उवा मारणे हा तिथल्या दिनक्रमाचा भाग होता. जो ते रोज करी त्याला थोडी आशा. जो कंटाळला, ज्याने ‘आता काय’ म्हणून सोडून दिले, तो चाललाच.

आपल्याला हे सगळे आतून कळते ते दोन बंगाल्यांमुळे. कॅप्टन कल्याणकुमार मुखर्जी हे इंडियन मेडिकल सर्व्हिसचे डॉक्टर कैद्यांवर उपचार करता करता मार्च १९१७मध्ये रास-अल-ऐनलाच टायफसने गेले. त्यांच्या आजीने, मोक्षदादेवींनी, म्हातारपणी नातवाची पत्रे घेऊन ‘कल्याण-प्रदीप’ हे चरित्र लिहिले. आणि बंगाल अँब्युलन्स कोअरमधला स्वयंसेवक शिशिरप्रसाद सर्वाधिकारी. त्याने रोजनिशी ठेवली, पाने फाडून बुटात लपवली, नदी ओलांडताना भिजली ती पुन्हा उतरवली. तो तुर्की शिकला, तिथल्या रुग्णालयात काम केले आणि जिवंत परतला. त्याचे ‘अभि ले बगदाद’ हे पुस्तक शिपायाच्या उंचीवरून लिहिलेले आहे. सेनापतीच्या उंचीवरून नाही. मराठी वाचकाने ते कुणाकडून तरी मराठीत आणवून वाचले पाहिजे. तीन मराठा पलटणी ज्या वाटेने गेल्या तिचा तो जवळून काढलेला नकाशा आहे.

आता त्या आकड्याकडे येतो, ज्याने मला सर्वांत जास्त छळले. कुतला पकडलेल्या ब्रिटिश शिपायांपैकी दहांतले जवळजवळ सात परतले नाहीत. भारतीय शिपाई आणि फॉलोअर मिळून दहांतले तीन, म्हणजे मेलेले आणि पत्ता न लागलेले धरून सुमारे तीन हजार. हा फरक कशामुळे?

जुन्या इंग्रजी लिखाणात याचे उत्तर ठरलेले असे : हिंदी शिपाई काटक, उन्हाची सवय असलेला, थोडक्यात भागवणारा. आपल्याकडेही हे उत्तर आवडीने स्वीकारले जाते. मराठ्याच्या चिवटपणावर दोन टाळ्या मिळतात. मला हे उत्तर आळशी वाटते, आणि मघाच्या अनवाणी तळव्याच्या माझ्या तर्कालाही मी त्यातच धरतो. चिवट म्हटले की त्याला कमी अन्न, कमी औषध, कमी बूट द्यायला मोकळीक मिळते. वेढ्यातही नेमके हेच झाले होते.

खरी कारणे साधी आहेत. कैद्यांना मिळणारा जाडा पाव आणि भरडलेला गहू हिंदी पोटाला ओळखीचा होता. मुसलमान कैद्यांना, आणि भारतीय संख्येत ते थोडे नव्हते, वेगळी वागणूक मिळाली. बोगद्यांचे मरण बहुतांशी गोऱ्यांच्या वाट्याला गेले. आणि शेवटचे कारण म्हणजे मोजणीच नीट झाली नाही. ब्रिटिश शिपाई किती मेले ते बऱ्यापैकी ठाऊक आहे. भारतीयांच्या त्या तीन हजारांत नक्की मेले असे म्हणता येणाऱ्यांपेक्षा ‘पत्ता लागला नाही’ असेच जास्त आहेत. पत्ता न लागलेल्यांत कुणी पळाले असतील, कुणी एखाद्या गावात राहिले असतील, बहुतेक वाटेच्या कडेला गेले असतील. दहांतले सात आणि दहांतले तीन हे दोन आकडे एका तराजूने तोललेलेच नाहीत. हिशेबनीस म्हणून आयुष्य काढलेल्या माणसाला हे सांगताना त्रास होतो.

३० ऑक्टोबर १९१८ला तुर्कांशी युद्धविराम झाला. उरलेले कैदी त्यानंतरच्या महिन्यांत बोटींनी परत आले. ज्या मुंबईला ते उतरले तिथे आणि त्यांच्या गावांत त्याच पावसाळ्यानंतर इन्फ्लुएन्झाने थैमान घातले होते. एकट्या मुंबई इलाख्यात सुमारे दहा लाख माणसे गेली. वर पाऊस पडलेला नव्हता. कैदेतून सुटून घरी आलेल्या माणसाला घरात कोण उरले हे मोजावे लागले. माझ्या पणजोबाची पहिली बायको आणि एक मुलगा त्या तापात गेले होते, एवढे घरात सांगितले जाते. तो वर्ष-दीड वर्ष गावात राहिला आणि मग कोकणातले सगळे येतात तसा मुंबईला आला, गिरणीत लागला. १९२०नंतर बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटने वरळीत १२१ चाळी उठवल्या, त्यांतल्या एकीत काही वर्षांनी त्याला खोली मिळाली. १९३०च्या चळवळीत सरकारने याच चाळींतल्या काहींचा तुरुंग केला आणि सत्याग्रही आणून डांबले. गजांआडच्या त्या पोरांकडे पाहताना एका जुन्या कैद्याला काय वाटले असेल, हे विचारायला मी उशिरा जन्मलो.

पदकावरून तो कुतलाच होता हे सिद्ध होत नाही, हे मला कबूल आहे. ११० मराठाचे काही शिपाई आजारी म्हणून आधीच परतले होते, काही भरतीचे नंतर आले. न्यायालयात माझा पुरावा टिकणार नाही : एक भिजलेला टोस्ट, उशाखालच्या वहाणा आणि एक तुर्की शब्द. पण हे तिन्ही एकत्र कुठून येऊ शकतात याचे दुसरे ठिकाण मला सापडलेले नाही.

मेसोपोटेमियात मेलेल्या आणि थडगे नसलेल्या चाळीस हजारांहून अधिक जणांचे स्मारक बसऱ्याला आहे. ते आधी नदीकाठी होते. १९९७ साली सद्दाम हुसेनच्या हुकुमावरून उचलून वाळवंटात, नासिरियाच्या रस्त्यावर नेऊन उभे केले. ब्रिटिश शिपायांची नावे त्याच्या दगडांवर कोरली आहेत. साध्या हिंदी शिपायांची नाहीत. पलटणीचे नाव आणि पुढे संख्या, एवढेच.

हा लेख लिहून झाल्यावर मी वडिलांना वाचून दाखवला. ते शांतपणे ऐकत होते. ‘हैदी’पाशी हसले. मग म्हणाले, “आणि आज्याबरोबर आपल्या गावची पोरं होती ना? त्यांचं काय?”

आमच्या गावी शाळेच्या भिंतीत एक संगमरवरी पाटी आहे. महायुद्धानंतर सरकारने रत्नागिरी-साताऱ्याच्या कितीतरी गावांत अशा पाट्या बसवल्या, सगळीकडे मजकूर तोच : या गावातून इतके पुरुष १९१४ ते १९१९च्या महायुद्धाला गेले, त्यांपैकी इतक्यांनी प्राण दिले. फक्त दोन आकडे बदलतात. गेल्या मे महिन्यात मी गावी गेलो तेव्हा तिच्यावर चुन्याचे थर चढले होते. नखाने खरवडून वरचा आकडा मोकळा केला. पणजोबा त्यात आहेत, कितवे ते पाटी सांगत नाही.